सॉरबॉनचे प्राध्यापक : धन्यवादित फ्रेडरिक ओझानाम



सेंट व्हिन्सेंट डी पॉल सोसायटी आपल्याला नवीन नाही. आजाऱ्याच्या घरी तांदूळ पोहोचविणारे, विधवेच्या मुलांची फी भरणारे, कुणाचे छप्पर शाकारून देणारे हे सभासद आपल्यातलेच. सोसायटीचे संस्थापक फ्रेडरिक ओझानाम यांचे नावही आपल्या कानांवरून गेलेले आहे. पण हे ओझानाम पोटापाण्यासाठी काय करीत होते, असे मी मध्यंतरी काही मंडळींना विचारले, तेव्हा बहुतेकांनी ते धर्मगुरू असावेत असे सांगितले. एक-दोघांनी वकील म्हटले. वकिलीचे उत्तर थोडेसे बरोबर आहे. पण त्यांच्या आयुष्याची उमेदीची सारी वर्षे गेली ती कॉलेजच्या व्याख्यानगृहात. ते पॅरिस विद्यापीठात, म्हणजे सॉरबॉनमध्ये, परकीय साहित्याचे प्राध्यापक होते. बायको, मुलगी, भाड्याचे घर, तपासायचे पेपर, वरिष्ठांची मर्जी आणि दुखरी तब्येत अशा सगळ्या गोष्टी त्यांच्यामागे होत्या. आपल्या धर्मग्रामात शिक्षकी पेशाची घरे पुष्कळ आहेत. त्यांच्यासाठी, आणि ज्यांची मुले सध्या कॉलेजात आहेत त्यांच्यासाठीही, आज या प्राध्यापकाची कथा सांगावीशी वाटते.

फ्रेडरिक यांचा जन्म २३ एप्रिल १८१३ रोजी इटलीतील मिलान शहरी झाला. घराणे फ्रेंच. वडील आधी नेपोलियनच्या सैन्यात होते, पुढे डॉक्टर झाले. आईवडिलांना चौदा मुले झाली, पण त्यांतील बहुतेक लहानपणीच गेली. मोठा भाऊ आल्फोन्स धर्मगुरू झाला, धाकटा शार्ल डॉक्टर झाला, मधला हा फ्रेडरिक. १८१६ साली कुटुंब फ्रान्समधील लिऑन शहरी परतले. लिऑन हे रेशमाच्या विणकरांचे शहर. श्रीमंत व्यापारी आणि अंधाऱ्या खोल्यांतून माग चालविणारे कामगार यांच्यातील अंतर फ्रेडरिकने लहानपणापासून पाहिले. वडील गरिबांना फुकट औषधपाणी करीत, आई आजारी बायकांच्या घरी जाई. दोघेही थकल्यावर अशा घरांचे उंच जिने चढू नयेत असे एकमेकांना सांगत आणि दोघेही चोरून चढत, अशी त्या घरातली गंमत होती.

वयाच्या पंधरा-सोळाव्या वर्षी या हुशार मुलाच्या मनात श्रद्धेविषयी शंका उठल्या. नुसत्या उठल्या नाहीत, त्यांनी त्याची झोप उडविली. आपल्याकडे असे झाले की आईबाप घाबरतात आणि मुलाला दटावतात. फ्रेडरिकला भेटले त्याच्या शाळेतील तत्त्वज्ञानाचे शिक्षक फादर न्वारो. त्यांनी दटावले नाही. ते मुलाला घेऊन लिऑनच्या चढणीच्या वाटांवर लांब फिरायला जात आणि प्रश्नामागून प्रश्न विचारीत त्याला स्वतःच उत्तरापर्यंत येऊ देत. सॉक्रेटिसाची ही जुनी पद्धत सेमिनरीत आम्हालाही शिकविली होती, पण ती खरी साधलेले शिक्षक थोडेच. त्या अंधारातून बाहेर आल्यावर फ्रेडरिकने मनाशी ठरविले, की आपले आयुष्य सत्याच्या सेवेला द्यायचे. एका शिक्षकाने एका विद्यार्थ्याला दिलेल्या त्या वेळातून पुढचे सगळे घडले.

१८३१ च्या अखेरीस ते कायदा शिकण्यासाठी पॅरिसला गेले. वडिलांची इच्छा होती की मुलाने न्यायाधीश व्हावे. सुरुवातीची खानावळ आणि तेथील टवाळ मंडळी यांना कंटाळलेल्या या अठरा वर्षांच्या मुलाला एका थोर गृहस्थांनी आपल्या घरी राहायला बोलाविले. ते होते आंद्रे-मारी अँपिअर. विजेचा प्रवाह आपण ज्या एककात मोजतो, ते ज्यांच्या नावाने ओळखले जाते तेच हे शास्त्रज्ञ. जवळजवळ दीड वर्ष फ्रेडरिक त्यांच्या घरी राहिले. जगाने मान दिलेला हा प्राध्यापक चर्चच्या कोपऱ्यात गुडघे टेकून रोझरी करताना फ्रेडरिकला दिसला, अशी गोष्ट सांगतात. ज्ञान आणि श्रद्धा यांचे एकाच माणसात जुळते, हे त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नाही.

त्या काळच्या सॉरबॉनमध्ये मात्र वारे वेगळे होते. १८३० च्या क्रांतीनंतर शिकलेल्या लोकांत ख्रिस्तसभा ही सरून गेलेल्या काळातील वस्तू समजली जात होती. जुफ्रवा नावाचे तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक व्याख्यानात ईश्वरी प्रकटीकरणावर टीका करीत. ओझानाम आणि त्यांचे सोबती गोंगाट करीत बसले नाहीत. त्यांनी आपले म्हणणे लिहून काढले आणि सह्या करून प्राध्यापकांकडे दिले. जुफ्रवा यांनी ते वर्गात वाचून दाखविले आणि पुढे बोलताना जपून बोलू लागले. एक विरोधक सभ्यपणे बोलला आणि दुसऱ्याने ऐकून घेतले, इतकीच ही घटना. पण ओझानाम यांच्या पुढच्या सगळ्या कारकिर्दीची चाल यातच दिसते.

सोसायटीच्या स्थापनेची कथा आपल्याला माहीत आहे, म्हणून ती थोडक्यात सांगतो. विद्यार्थ्यांच्या एका वादसभेत कुणीतरी टोमणा मारला, की ख्रिस्ती धर्माने पूर्वी मोठी कामे केली असतील, पण आज तुम्ही काय करता? हा टोमणा ओझानाम यांना लागला. २३ एप्रिल १८३३ रोजी, त्यांच्या विसाव्या वाढदिवशी, मोजके विद्यार्थी एम्मान्युएल बायी या वडीलधाऱ्या गृहस्थांकडे जमले. सिस्टर रोझाली यांनी त्यांना गरीब कुटुंबांची नावे दिली आणि त्या घरांत कसे बोलावे तेही शिकविले. हे काम करणाऱ्यांत एकही प्राध्यापक नव्हता, सगळे परीक्षेला बसणारे विद्यार्थी होते. अभ्यास आटोपल्यावर मग सेवा, असे त्यांनी म्हटले नाही.

१८३६ मध्ये कायद्याची डॉक्टरेट मिळवून ते लिऑनला परतले आणि वकिली करू लागले. काम फारसे नव्हते, असलेल्या कामात मन नव्हते. १८३७ च्या मे महिन्यात एका गरीब रुग्णाकडे गेलेले वडील अंधाऱ्या जिन्यावरून पडले आणि त्यातच वारले. घराचा भार आला. आजारी आईला सोडून जाता येईना. अशा दिवसांत या तरुण वकिलाने रात्री जागून काय केले, तर दान्तेवर प्रबंध लिहिला!

त्याचेही मूळ मोठे मजेशीर आहे. १८३३ साली आईवडिलांबरोबर रोमला गेले असताना व्हॅटिकनमध्ये त्यांनी राफाएलचे एक प्रसिद्ध भित्तिचित्र पाहिले. त्यात वेदीवरील पवित्र साक्रामेंताभोवती पोप, बिशप, थोर ईशज्ञानी उभे आहेत, आणि त्यांच्यात चक्क एक कवी, डोक्यावर पानांचा मुकुट घातलेला दान्ते. ईशज्ञान्यांच्या मेळाव्यात कवीला जागा कशी मिळाली? असा प्रश्न हजारो प्रवाशांना पडला असेल आणि जेवणापर्यंत ते विसरले असतील. ओझानाम यांनी त्या प्रश्नाचे सहा वर्षांनी उत्तर दिले. त्या काळी साहित्याच्या डॉक्टरेटसाठी दोन प्रबंध लागत, एक फ्रेंचमध्ये आणि एक लॅटिनमध्ये. फ्रेंच प्रबंधात त्यांनी दान्तेचे तत्त्वज्ञान मांडले. लॅटिन प्रबंधाचा विषय होता, प्राचीन काव्यांतील वीर पाताळात उतरतात त्या कथा. ७ जानेवारी १८३९ रोजी सॉरबॉनमध्ये त्यांनी हे प्रबंध परीक्षकांपुढे मांडले. परीक्षकांत व्हिक्तॉर कुझां होते. त्या काळच्या फ्रान्समध्ये तत्त्वज्ञान शिकविणाऱ्यांच्या नेमणुका ज्यांच्या शब्दावर होत, असे हे गृहस्थ. ते कॅथॉलिक विचारांचे नव्हते. पण या तरुणाचे बोलणे ऐकून ते थक्क झाले आणि पुढे त्यांनी त्याच्यावरची नजर हलविली नाही.

त्याच वर्षी लिऑन शहराने व्यापारी कायद्याचे नवे अध्यासन काढले आणि त्यावर ओझानाम यांची नेमणूक झाली. डिसेंबर १८३९ मध्ये वर्ग सुरू झाला. हुंड्या, भागीदारी, दिवाळखोरी हे विषय. ओझानाम यांनी त्यातच मजुराची मजुरी कशी ठरावी, मालकाने माणसाला यंत्र समजावे का, हेही शिकविले. ऐकणाऱ्यांत व्यापाऱ्यांची मुले होती, हे लक्षात घ्यावे. कार्ल मार्क्सचा जाहीरनामा त्यानंतर आठ वर्षांनी, १८४८ मध्ये आला. पोप तेरावे लिओ यांचे कामगारांविषयीचे परिपत्रक तर १८९१ चे.

१८३९ मध्येच आईही गेली. आता बांधून ठेवणारे कोणी उरले नाही आणि आयुष्याचा मोठा प्रश्न समोर उभा राहिला. त्यांचे मित्र फादर लाकोर्देर तेव्हा डॉमिनिकन संघ फ्रान्समध्ये पुन्हा उभा करण्याच्या खटपटीत होते आणि ओझानाम यांनी आपल्याबरोबर यावे असे त्यांना मनापासून वाटत होते. ओझानाम यांनाही ते वाटत नव्हते असे नाही. पुष्कळ महिने ते या विचारात होते. जुने गुरू न्वारो यांना मात्र दिसत होते, की या मुलाचा पिंड संसाराचा आणि अध्यापनाचा आहे. ते स्वतः धर्मगुरू, पण आपल्या आवडत्या शिष्याला त्यांनी आपल्याकडे ओढले नाही. मी स्वतः धर्मगुरू असून म्हणतो, की त्यांचे बरोबर होते. पुढे ओझानाम यांनी लग्न केले, तेव्हा लाकोर्देर यांनी ते सापळ्यात सापडले असा सूर काढला. तो पोप नववे पायस यांच्या कानी गेला, तेव्हा ख्रिस्ताने सात साक्रामेंत स्थापिले असे आपण समजत होतो, सहा साक्रामेंत आणि एक सापळा आहे हे ठाऊक नव्हते, असे ते हसून म्हणाल्याचे सांगतात.

१८४० मध्ये कुझां शिक्षणमंत्री झाले. विद्यापीठांत साहित्य शिकविणाऱ्यांसाठी त्यांनी त्याच वर्षी नवी स्पर्धा परीक्षा ठेवली आणि ओझानाम यांना तिला बसण्याचा आग्रह केला. ही परीक्षा म्हणजे दिव्यच होते. लॅटिन आणि फ्रेंचमध्ये दीर्घ निबंध, ग्रीक, लॅटिन आणि फ्रेंच ग्रंथांवर तोंडी परीक्षा, वर इटालियन, स्पॅनिश, जर्मन आणि इंग्रजी साहित्य. लिऑनमधले कायद्याचे तास सांभाळून त्यांनी रात्री तयारी केली. भाषांची त्यांना लहानपणापासून हौस होती, हिब्रूची आणि आपल्या संस्कृतचीही त्यांनी ओळख करून घेतली होती. तरीही उत्तीर्ण होण्याची खात्री नव्हती. शेवटच्या फेरीत विषय चिठ्ठी काढून मिळत आणि तयारीला एक दिवस. दुसऱ्यांना सोपे विषय निघाले. ओझानाम यांच्या हाती आली ती ग्रीक आणि लॅटिन ग्रंथांच्या समासात टिपा लिहिणाऱ्या जुन्या टीकाकारांची चिठ्ठी! विषय ऐकून सभागृहात हशा पिकला. दुसऱ्या दिवशी त्यांनी याच रुक्ष विषयावर असे व्याख्यान दिले, की हसणारे टाळ्या वाजवू लागले. निकाल लागला तेव्हा त्यांचे नाव पहिले होते.

आता खरी कसोटी आली. लिऑनमध्ये व्यापारी कायद्याचे पद हातात होते आणि तेथेच परकीय साहित्याचे अध्यासनही त्यांना मिळण्याची चिन्हे होती. दोन्ही मिळून पगार चांगला, शहर आपले, मित्र आपले. शिवाय लिऑनच्या शिक्षण खात्याचे प्रमुख सुलाक्र्वा यांची मुलगी अमेली हिच्याशी त्यांचे लग्न ठरत होते, म्हणजे सासरही तेथेच. त्याच वेळी सॉरबॉनमधील परकीय साहित्याचे वृद्ध प्राध्यापक फोरियेल यांनी त्यांना आपल्या जागी शिकवायला बोलाविले. पण कसे? बदली प्राध्यापक म्हणून. पद फोरियेल यांचेच राहणार, पगाराचा वाटा त्यांनाही जाणार, आणि हे काम किती वर्षे टिकेल ते कोणी सांगू शकत नव्हते. आज आपली कितीतरी मुले पदव्यांवर पदव्या घेऊन कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवितात आणि दर जूनमध्ये पुन्हा अर्ज करतात. त्यांना ओझानाम यांची स्थिती वेगळी समजावून सांगायला नको.

ओझानाम यांनी अमेलीला सर्व काही स्पष्ट लिहून कळविले. सुरक्षित घर हवे, की अनिश्चित पॅरिस? ती वीस वर्षांची मुलगी पॅरिसला तयार झाली. माझ्या मते या चरित्रात अमेलीला मिळायला हवे तेवढे श्रेय मिळत नाही. १८४१ च्या जानेवारीत त्यांनी सॉरबॉनमध्ये जर्मन साहित्यावर पहिली व्याख्याने दिली आणि २३ जूनला लिऑनमध्ये दोघांचे लग्न झाले. मोठ्या भावाने, फादर आल्फोन्स यांनी, विवाहविधी केला. पुढे प्रत्येक महिन्याच्या २३ तारखेला ओझानाम पत्नीला फुले आणून देत. शेवटच्या आजारातही हा नेम चुकला नाही.

सॉरबॉनमधील प्राध्यापकाचे काम आजच्यासारखे नव्हते. व्याख्याने सर्वांना खुली आणि मोफत असत. विद्यार्थी येत, तसे रिकामटेकडेही येत. हजेरी नाही, फी नाही, आवडले नाही तर लोक मध्येच उठून जात किंवा पाय आपटत. त्यामुळे प्राध्यापकाला दर वेळी सभागृह जिंकावे लागे. ओझानाम यांना वक्तृत्वाची देणगी होती असे म्हणावे तर ते सुरुवातीला अडखळत, चेहरा पांढरा पडे, नजर खाली असे. मग हळूहळू विषय त्यांना उचलून धरी. तासाच्या तयारीला ते दिवसच्या दिवस देत. मूळ ग्रंथ मूळ भाषेत वाचल्याशिवाय ते त्यावर बोलत नसत. त्यांचे मित्र आणि मोठ्या अँपिअर यांचे चिरंजीव ज्यां-जाक अँपिअर यांनी लिहून ठेवले आहे, की ओझानाम यांची तयारी मठातल्या संन्याशाची असे आणि बोलणे कसलेल्या वक्त्याचे. वर्गावर जाण्याआधी ते गुडघे टेकून प्रार्थना करीत. मागणे एकच असे, की टाळ्यांसाठी सत्यात काही भर घालण्याचा मोह आपल्याला होऊ नये.

बदलीच्या अपुऱ्या पगाराला जोड म्हणून ते स्तानिस्लास कॉलेजातही शिकवीत. शिवाय शाळा संपविणाऱ्या मुलांच्या मोठ्या परीक्षेचे काम त्या काळी विद्यापीठाच्या प्राध्यापकांकडे असे. तासन् तास बसून घाबरलेल्या मुलांची तोंडी परीक्षा घ्यायची, हे काम कुणालाच आवडत नसे. ओझानाम ते मन लावून करीत. आणि सकाळी घराचे दार विद्यार्थ्यांसाठी उघडे असे. पुस्तक मागायला, प्रबंध दाखवायला, नोकरीसाठी चिठ्ठी मागायला, कुणी नुसते बोलायला येई. ज्या वेळात दुसरा ग्रंथ लिहून झाला असता, तो वेळ असा गेला. श्रोत्यांत एर्नेस्त रेनां नावाचा एक तरुण होता. पुढे त्याची श्रद्धा गेली आणि येशूवर त्याने लिहिलेल्या पुस्तकाने युरोपात खळबळ उडाली. पण ओझानाम यांच्या व्याख्यानाहून परतताना आपण अधिक बळ घेऊन निघतो, असे त्यानेही लिहून ठेवले.

ओझानाम वर्गात धर्मोपदेश करीत नसत, हे नीट समजून घ्यायला हवे. त्यांचा विषय इतिहास आणि साहित्य. गिबन या इंग्रज इतिहासकाराने मांडले होते, की रोमन साम्राज्य बुडाले त्यात ख्रिस्ती धर्माचाही हात होता आणि पुढे अंधारयुग आले. ओझानाम यांना दाखवायचे होते, की पाचव्या शतकाच्या त्या पडझडीत शाळा, कायदा, भाषा आणि गरिबांची कणव जपली ती ख्रिस्तसभेनेच, आणि तेथून दान्तेपर्यंत एक अखंड धागा येतो. हे ते जुन्या हस्तलिखितांच्या आणि कवितांच्या आधाराने मांडत. विरोधकाचा पुरावा ते लपवीत नसत. मठांतले दोष, राजांचे क्रौर्य, सगळे सांगत. एकदा कुणी त्यांच्या वर्गाच्या फलकावर परकीय साहित्य हे शब्द खोडून तेथे ईशज्ञान असे लिहिले. ओझानाम यांनी तास पूर्ण केला. मग शेवटी शांतपणे सांगितले, की ईशज्ञानी होण्याचा मान आपल्याला नाही, पण ख्रिस्ती असण्याचा आनंद मात्र आहे. टाळ्या पडल्या.

दर वेळी टाळ्याच पडत असे नाही. १८४३ नंतर पॅरिसमध्ये येशूसंघीयांवरून रणे माजली. मिशले आणि किने हे नामवंत प्राध्यापक आपल्या व्यासपीठावरून ख्रिस्तसभेवर तुटून पडत होते. इकडे काही कॅथॉलिक वर्तमानपत्रे सगळ्या विद्यापीठालाच शिव्या देत होती. ओझानाम मध्ये सापडले. विद्यापीठातले सहकारी त्यांना धर्मवेडा समजत, तर आपलेच लोक त्यांना मिळमिळीत म्हणत. सॉरबॉनमधील लनॉर्मां हे इतिहासाचे प्राध्यापक श्रद्धेकडे परतले, तेव्हा विद्यार्थ्यांनी आरडाओरडा करून त्यांचे वर्ग बंद पाडले. त्या गोंधळात ओझानाम उठून उभे राहिले आणि ज्या स्वातंत्र्याच्या घोषणा तुम्ही देता ते दुसऱ्याच्या विवेकालाही द्या, असे त्यांनी जमावाला बजाविले. लनॉर्मां यांना शेवटी पद सोडावे लागले. ओझानाम यांची स्वतःची नोकरी तेव्हा सरकारच्या हाती होती, मागे दोन जिवांचा संसार होता. गप्प राहिले असते तर कुणी दोष दिला नसता.

१८४४ च्या उन्हाळ्यात फोरियेल वारले आणि त्याच नोव्हेंबरमध्ये ओझानाम यांना ते पद कायमचे मिळाले. वय एकतीस. पुढच्या वर्षी मुलगी झाली, तिचे नाव मारी. घर स्थिरावले, पण शरीर ढासळू लागले. १८४६ मध्ये मोठा ताप आला आणि डॉक्टरांनी विश्रांती सांगितली. सरकारने संशोधनाच्या निमित्ताने त्यांना इटलीला पाठविले. तेथे विश्रांती घेण्याऐवजी ते ग्रंथालयांतून जुनी हस्तलिखिते उतरवीत बसले! १८४७ मध्ये रोममध्ये पोप नववे पायस यांची भेट झाली. संत फ्रान्सिस असिसीकर आणि त्यांच्या मागून आलेल्या कवींवरचे त्यांचे सुंदर पुस्तक याच प्रवासाचे फळ. ते १८५२ मध्ये निघाले. त्याआधी जर्मन लोकांच्या प्राचीन इतिहासावरच्या त्यांच्या दोन खंडांना फ्रान्सचे मानाचे गोबेर पारितोषिक मिळाले होते.

१८४८ च्या क्रांतीत ते पुस्तकांतून बाहेर आले. ख्रिस्तसभेने राजेरजवाड्यांचा पदर सोडून कामगारांकडे जावे, असे त्यांनी लिहिले. लाकोर्देर यांच्याबरोबर वर्तमानपत्र काढले, लिऑनमधून निवडणूक लढविली आणि ते हरले. जूनमध्ये पॅरिसच्या रस्त्यांवर कामगार आणि सैन्य एकमेकांवर गोळ्या झाडू लागले, तेव्हा ओझानाम नागरिकांच्या पथकात पहाऱ्यावर होते. त्यांनी आणि दोन मित्रांनी आर्चबिशप आफ्र यांना भेटून मध्यस्थीची विनंती केली. आर्चबिशप पुढे गेले, सोबत येणाऱ्या ओझानाम यांना त्यांनी परत पाठविले. अडथळ्यांजवळ त्यांना गोळी लागली आणि २७ जूनला ते मरण पावले. आपण सुचविलेल्या वाटेने गेलेला माणूस परत आला नाही, हे ओझानाम यांच्या मनाला फार लागले. ते पुन्हा वर्गाकडे वळले.

घरी पैसा बेताचाच होता. त्यातील दहावा हिस्सा गरिबांचा, हा नियम. १८५२ च्या नववर्षदिनी त्यांना आठवले, की एका गरीब कुटुंबाने घरातले शेवटचे चांगले लाकडी कपाट गहाण टाकले आहे. ते सोडवून द्यावे असे त्यांना वाटले. पत्नीने व्यवहार सांगितला आणि त्यांनी तो ऐकलाही. संध्याकाळी मारीच्या भेटी आणि मिठाया टेबलावर पसरल्या होत्या आणि बाप खिन्न बसला होता. अमेलीने कारण ओळखले आणि आपणच त्यांना जायला सांगितले. कपाट सोडवून, त्या घरी पोहोचवून ते हसत परत आले.

त्याच वर्षी ईस्टरनंतर ते फुप्फुसाच्या आजाराने अंथरुणाला खिळले. व्याख्याने थांबली. सभागृहात कुरकुर सुरू झाली, की सरकारी पगार घेणारे प्राध्यापक तास बुडवितात. ही कुरकुर त्यांच्या कानी गेली. अंगात ताप असताना, पत्नी आणि डॉक्टर नको म्हणत असताना ते उठले आणि सॉरबॉनला गेले. त्यांचा चेहरा पाहून ओरडणारे चूप झाले. तास झाला, आणि तो फार चांगला झाला. आमची प्रकृती आम्ही येथेच तुमच्यासाठी झिजविली, मरण आले तर ते तुमच्या सेवेतच येईल, अशा अर्थाचे ते शेवटी बोलले. पुष्कळ चरित्रकार या प्रसंगाचे कौतुक करतात. मला मात्र ते वाचताना डॉक्टरांचे आणि अमेलीचे ऐकायला हवे होते असेच वाटते. सहा वर्षांची मुलगी घरी होती. पण चिडवणाऱ्यांना उत्तर देण्यासाठी ते गेले नाहीत. विद्यार्थ्यांचे आपल्यावर काही येणे आहे, असे त्यांना खरोखर वाटत होते. तो त्यांचा शेवटचा तास ठरला.

पुढचे वर्ष हवापालटात गेले. दक्षिण फ्रान्स, स्पेनमधील बुर्गोस, मग इटलीत पिसा. आजार मूत्रपिंडांचा होता आणि त्या काळी त्यावर उपाय नव्हता. अशा स्थितीतही ते जेथे गेले तेथे सोसायटीच्या शाखा पाहिल्या, नव्या काढल्या. २३ एप्रिल १८५३ रोजी, चाळिसाव्या वाढदिवशी, पिसामध्ये त्यांनी यशया संदेष्ट्याच्या ग्रंथातील हिज्कीया राजाचे गीत वाचले, आयुष्याच्या मध्यावर मृत्यूच्या दाराशी आलेल्या राजाचे. मग त्यांनी कागदावर देवाशी बोलायला सुरुवात केली. विद्वत्तेची हाव सोडतो, अर्धी पुस्तके विकून पैसे गरिबांना देतो, उरलेले दिवस गरिबांच्या भेटीत आणि मुलीच्या शिक्षणात घालवितो, एवढ्यावर माझी सुटका होईल का, असा तो सौदा होता. प्राध्यापकाच्या घरात पुस्तकांहून मोलाचे दुसरे काय असते? त्यांनी पणाला लावली ती अर्धीच पुस्तके, हे वाचून मला हसूही येते आणि गलबलूनही येते. पण त्याच कागदाच्या शेवटी त्यांना कळून चुकले आहे, की देव भाग मागत नाही, सगळे मागतो, आणि तिथे त्यांनी आपला होकार लिहिला आहे.

सप्टेंबरच्या सुरुवातीला त्यांना बोटीने फ्रान्सला आणले. मार्सेय बंदराच्या पुढे नेण्याइतकी शक्ती उरली नव्हती. ८ सप्टेंबर १८५३ च्या संध्याकाळी तेथेच त्यांनी प्राण सोडला. तो मरियामातेच्या जन्माचा सण होता, याच सणाच्या सुमारास आपण मोत माउलीच्या जत्रेला जातो. पोप दुसरे जॉन पॉल यांनी २२ ऑगस्ट १९९७ रोजी पॅरिसमध्ये, जगभरच्या तरुणांच्या मेळाव्यात, त्यांना धन्यवादित घोषित केले. त्यांचा सण ९ सप्टेंबरला असतो.

अमेली त्यांच्यामागे चाळीस वर्षे जगली. पतीचे कागद तिने नीट जपून ठेवले. पाचव्या शतकावरची जी व्याख्याने त्यांना ग्रंथरूपाने द्यायची होती, त्यांतील पहिली काहीच त्यांनी स्वतः तपासून ठेवली होती. बाकीची सभागृहात बसून लघुलेखकांनी उतरून घेतलेली होती. अँपिअर आणि इतर मित्रांनी ती टिपणे लावून ग्रंथ सिद्ध केला. १८५६ मध्ये फ्रेंच अकादमीने त्याला पारितोषिक दिले. त्या ग्रंथात आजही प्रकरणांऐवजी तास आहेत, पहिला, दुसरा, तिसरा, असे एकामागून एक.